चौक दिसतो, जात दिसत नाही

मागच्या हिवाळ्यात जबलपूरमधल्या एका छोट्या सभागृहात मी एक माहितीपट पाहिला. विषय होता आमच्याच भागातला एक चौक. चाळीसेक मिनिटांची फिल्म. निवेदन नाही, मुलाखती नाहीत, पहाटेपासून रात्रीपर्यंत चौकात जे घडतं ते कॅमेऱ्यानं शांतपणे टिपलेलं. शहरातले शिकलेसवरलेले लोक आले होते. माझ्याबरोबर माझे वडील होते. आपला चौक पडद्यावर येणार म्हणून ते इस्त्रीचा शर्ट घालून आले होते.

पहिल्याच दृश्यात धुकं होतं, पिवळा दिवा होता आणि रस्ता झाडणारी एक बाई होती. तिचा चेहरा दिसत नव्हता, झाडूचा आवाज येत होता आणि मागे बासरी. सगळ्यांना ते दृश्य फार आवडलं. त्यानंतर चहावाला आला. तो गिऱ्हाइकाशी बोलता बोलता आपल्या तीन पिढ्यांची हकिगत सांगतो, त्याचं पूर्ण नाव आडनावासकट कळतं. मग निवृत्त गृहस्थ येतात, पेपर वाचतात, राजकारणावर भांडतात. त्यांचीही नावं कळतात, कारण ते एकमेकांना नावानं हाक मारतात. पलीकडच्या कडेला कामासाठी उभे असलेले मजूर लांबून दिसतात, एका घोळक्यात. झाडणारी बाई शेवटी पुन्हा येते, पुन्हा पाठमोरी. फिल्म संपते.

प्रश्नोत्तरांत मी विचारलं, त्या बाईचं नाव काय? दिग्दर्शक सभ्य माणूस होता. तो म्हणाला, ही ऑब्झर्व्हेशनल फिल्म आहे, आम्ही कुठेही हस्तक्षेप केला नाही, आम्ही फक्त पाहिलं. मी म्हटलं, पण चौकात कोण कुठे उभं राहतं ते जातीनं ठरतं, ते फिल्ममध्ये कुठे आहे? तो म्हणाला, जात हा आमचा विषयच नव्हता, आमचा विषय सामान्य माणूस होता.

हे उत्तर मला आजही पुरत नाही. ते चुकीच्या हेतूनं दिलेलं नव्हतं, म्हणून तर त्याचा नीट विचार करायला हवा. आपल्यापैकी अनेकजण आता मास कॉम करतात, फिल्म शिकतात, नाहीतर निदान हातात चांगला फोन बाळगतात. उद्या आपणही आपल्या चौकाची फिल्म करणार आहोत. तेव्हा आपणही ‘फक्त पाहिलं’ असंच म्हणणार का?

आधी चौकाकडेच बघू. जबलपूर हे चौकांचं शहर आहे. मालवीय चौक, रसेल चौक, घंटाघर, बडा फुहारा. फुहाऱ्याजवळ कमानिया गेट आहे, 1939 च्या त्रिपुरी काँग्रेसची आठवण. तिथे खोव्याची जिलबी खायला बाहेरगावचे लोक येतात. रेल्वे स्टेशनच्या बाजूला मालगोदाम चौक आहे. तिथे राजा शंकर शाह आणि त्यांचे पुत्र रघुनाथ शाह यांचे पुतळे आहेत. 18 सप्टेंबर 1857 ला इंग्रजांनी या गोंड बापलेकांना याच शहरात तोफेच्या तोंडी दिलं. दर वर्षी त्या दिवशी पुतळ्यांना हार पडतात, नेते येतात, गोंड समाजाचा गौरव होतो. उरलेल्या दिवसांत मंडला आणि दिंडोरीकडून आलेले गोंड मजूर याच शहराच्या चौकांमध्ये सकाळी डबा घेऊन उभे असतात आणि ठेकेदार मोटरसायकलवरून न उतरताच बोटानं माणसं निवडतो. पुतळा आणि मजूर यांच्यामध्ये असलेलं नातं कॅमेऱ्यासमोर उघडं पडलेलं असतं. पण नुसता कॅमेरा लावून ठेवला तर ते दिसत नाही. पुतळ्याचा एक सुंदर शॉट मिळतो आणि मजुरांचा एक.

चौकाला स्वतःचं वेळापत्रक असतं. पहाटे झाडणारे, कचरागाडीवाले. मग भाजीच्या टोपल्या घेऊन आलेल्या बायका, त्यानंतर मजूर. नऊ वाजता दुकानांची शटरं वर जातात आणि तोपर्यंत पायरीवर बसलेल्या माणसाला उठावं लागतं. दुपारी ई-रिक्षावाले सावली शोधतात. संध्याकाळी पोहे, चाट, आइस्क्रीम, कुटुंबं, गाड्या. रात्री पुन्हा झाडू. प्रत्येक माणूस आपल्या ठरलेल्या वेळी येतो, आपल्या ठरलेल्या जागी थांबतो. बाहेरच्या माणसाला यात लय दिसते. आपल्याला यात आणखीही काही दिसतं, कारण आपल्या घरातलं कोणीतरी या वेळापत्रकात कुठेतरी बसवलेलं आहे. दुकानाच्या आत कोण बसतं, पायरीवर कोण, फुटपाथवर कोण आणि गटाराच्या काठावर कोण, ही क्रमवारी काही नशिबानं लागलेली नाही. दुकानाचा गाळा कोणाच्या नावावर आहे, झाडूच्या ठेक्यावर कोणत्या वस्तीतली नावं आहेत, हे तपासलं की जात कागदावरच मिळते.

सार्वजनिक जागा ही आपल्यासाठी कधीच आपोआप सार्वजनिक नव्हती. 20 मार्च 1927 ला बाबासाहेबांनी महाडला चवदार तळ्याचं पाणी ओंजळीत घेतलं, त्याआधी मुंबई कायदेमंडळात 1923 साली बोले ठराव मंजूर झालेला होता आणि महाड नगरपालिकेनंही तळं खुलं असल्याचं जाहीर केलेलं होतं. तरी तळं खुलं नव्हतं. कागदावरची सार्वजनिक जागा प्रत्यक्षात सार्वजनिक करायला हजारो माणसांना चालत जावं लागलं आणि मार खावा लागला. संविधानाचं कलम 15 वाचताना आपण बहुतेक वेळा आरक्षणापाशी थांबतो. त्याचं दुसरं उपकलम वाचा. त्यात दुकानं आहेत, उपाहारगृहं आहेत, विहिरी, तलाव, स्नानाचे घाट आहेत, रस्ते आहेत आणि लोकांच्या वापराच्या जागा आहेत. म्हणजे ज्याला आपण चौक म्हणतो तो जवळपास पूर्णच्या पूर्ण त्या उपकलमात लिहिलेला आहे. संविधानकर्त्यांना चौक ‘सामान्य माणसांची रंगीबेरंगी जागा’ वाटला नव्हता. तिथे काय होतं हे त्यांना माहीत होतं, म्हणून तर ते लिहावं लागलं.

आता फिल्मकडे येते. चौकातल्या साध्या माणसांवर फिल्म करण्याची परंपरा मोठी आहे आणि ती तुच्छतेनं बाजूला सारण्यासारखी नाही. फ्रेंच दिग्दर्शक लुई माल यानं ऑक्टोबर 1972 मध्ये पॅरिसच्या प्लास द ला रेपुब्लिक या चौकात साधारण दहा दिवस कॅमेरा नेला. फिल्म 1974 मध्ये आली, तिचं नावही चौकाचंच. त्यात पटकथा नाही, मोठी माणसं नाहीत. येणारेजाणारे, फेरीवाले, म्हातारे, कामावर निघालेले लोक. पण एक गोष्ट लक्षात घ्या. माल तिथे लपून पाहत नाही. कॅमेरा आणि माइक उघड असतात, तो लोकांना थांबवतो, त्यांच्याशी बोलतो. लोक त्याला उत्तरं देतात, टाळतात, उलट विचारतात. भाषा एकच, शहर एकच.

याच मालनं त्याआधी, 1968 मध्ये, दोन सहकाऱ्यांना घेऊन भारतात काही महिने चित्रीकरण केलं होतं. त्यातून ‘कलकत्ता’ हा चित्रपट निघाला आणि ‘फँटम इंडिया’ ही सात भागांची मालिका. त्यातला एक पूर्ण भाग जातींवर आहे. 1970 मध्ये बीबीसीनं ती दाखवली तेव्हा भारत सरकार भडकलं. देशाची गरिबी दाखवून बदनामी केली, असा आक्षेप होता. बीबीसीनं प्रक्षेपण थांबवलं नाही आणि तिचं दिल्लीचं कार्यालय बंद करायला लावलं गेलं. सरकारचा राग आपण समजू शकतो, पण तो राग आपला नाही. गरिबी आणि जात दाखवली म्हणून देशाची बदनामी होते, हे म्हणणं नेहमी ज्यांना ती भोगावी लागत नाही त्यांचंच असतं. माझा आक्षेप वेगळा आहे. पॅरिसच्या चौकात माणसं बोलली. भारताच्या मालिकेत बहुतेक वेळ माल एकटा बोलतो आणि आपली माणसं बघत राहतात. मालला स्वतःलाही हे जाणवलं होतं. मालिकेच्या पहिल्या भागाचं नावच ‘अशक्य कॅमेरा’ अशा अर्थाचं आहे आणि त्यात लोक कॅमेऱ्याकडे कसे रोखून बघतात हे तो दाखवतो. प्रामाणिक माणूस होता. पण त्या रोखून बघणाऱ्यांना काय म्हणायचं होतं, ते पडद्यावर आलं नाही.

मालची अडचण भाषेची होती, तो परदेशी होता. आमच्या चौकाच्या दिग्दर्शकाची काय अडचण होती? तो याच शहरातला, हिंदी बोलणारा. चहावाल्याशी त्याची ओळख झाली, कारण तो रोज तिथे चहा प्यायचा, तिथे खुर्ची होती, गप्पा होत्या. झाडणाऱ्या बाईशी ओळख झाली नाही, कारण तिच्याशी बोलण्याची त्याला कधी सवयच नव्हती. कॅमेरा आपोआप तिकडे वळला जिकडे दिग्दर्शकाचं आयुष्य आधीपासून वळलेलं होतं. मग एकाच्या वाट्याला तीन पिढ्यांची गोष्ट आली आणि दुसरीच्या वाट्याला धुकं. हस्तक्षेप केला नाही म्हणून जात फिल्मबाहेर राहिली नाही. उलट हस्तक्षेप न केल्यामुळे जातीनंच फिल्मचं संपादन केलं.

फिल्म पाहिल्यावर दोन दिवसांनी मी पहाटे त्या मौसीकडे गेले. तिला फिल्मबद्दल सांगितलं. मला वाटलं होतं, नाव नाही घेतलं म्हणून तिला वाईट वाटेल. ती म्हणाली, “हमसे तो किसी ने पूछा ही नहीं बिटिया.” आणि मग घाबरून विचारलं, त्यात माझा चेहरा दिसतो का? कुठली जागा दिसते? किती वाजलेले दिसतात? तिच्या घाबरण्याचं कारण मी इथे लिहिणार नाही. एवढंच सांगते की त्या वेळी त्या जागी ती असणं आणि ठेकेदाराच्या कागदावर जे लिहिलेलं आहे ते, यांचा मेळ बसत नव्हता. ज्या पाठमोऱ्या शॉटला सभागृह ‘काय सुंदर’ म्हणत होतं, त्या शॉटनं तिचं काम जाऊ शकलं असतं. हे लिहू का, असं मी तिला विचारलं. चौकाचं नाव लिहायचं नाही, या अटीवर ती हो म्हणाली.

इथे माझंही काहीतरी शिकणं झालं. मी नावासाठी भांडत होते आणि तिला नाव नको होतं. म्हणजे ‘नाव द्या’ हा नियम नाही. नियम ‘विचारा’ हा आहे. चहावाल्याला कोणी विचारलं नसतं तरी त्याचं काही बिघडत नव्हतं. ज्याचं बिघडू शकतं त्यालाच विचारलं जात नाही, हा चौकाचा जुना नियम फिल्मनं पाळला.

यावर काही मित्र म्हणतील, मग प्रत्येक फिल्ममध्ये माणसाला थांबवून जात विचारायची का? अजिबात नाही. जात विचारणं हे आपल्याकडे अनेकदा मारहाणीच्या आधीचं वाक्य असतं. भर चौकात कॅमेरा रोखून कोणाला जात विचारणं हा गुन्ह्याइतकाच अपमान आहे. आणि प्रत्येक फिल्म भाषण व्हावी असंही मला वाटत नाही. निरीक्षणाच्या पद्धतीत एक चांगली गोष्ट आहे. ती लोकांच्या तोंडात शब्द कोंबत नाही, त्यांना वेळ देते. सोमनाथ वाघमारे यांच्या ‘चैत्यभूमी’ या माहितीपटाचं उदाहरण घ्या. 6 डिसेंबरला दादरला लाखो माणसं येतात. अनेक वर्षं बहुतेक प्रस्थापित माध्यमांना त्या दिवशी वाहतूक कोंडी आणि कचरा एवढंच दिसत होतं. तीच गर्दी, तेच शिवाजी पार्क. पण ज्याला ती गर्दी आपली आहे त्याच्या कॅमेऱ्याला पुस्तकांचे स्टॉल दिसतात, गाणी ऐकू येतात, लांबून आलेल्या बाया काय सांगताहेत ते ऐकू येतं. जागा तीच असते, बघणाऱ्याचं तिच्याशी काय नातं आहे यानं फिल्म बदलते. दिग्दर्शक ज्योती निशा यांनी ‘बहुजन प्रेक्षक’ ही कल्पना मांडली ती याच मुद्द्याजवळ जाते: आपण पडद्याकडे कोणत्या जागेवरून बघतो, हे मान्य केल्याशिवाय पडद्यावरचं नीट वाचता येत नाही.

जात न विचारता जात दाखवता येते. काच कोणासाठी आणि कागदी कप कोणासाठी, ते दाखवा. कोण कोणाला ‘तू’ म्हणतं आणि कोण कोणाला ‘भैयाजी’, ते नुसतं रेकॉर्ड करा. तहान लागल्यावर मजूर पाणी कुठे पितात आणि बाया लघवीला कुठे जातात, हे दिवसभर मोजा. हातगाडी हटवायला पथक आलं की कोणाची गाडी उचलली जाते आणि कोणाच्या दुकानाचं पुढे आलेलं छप्पर तसंच राहतं, ते बघा. 2014 चा फेरीवाला कायदा सांगतो की शहर फेरीवाला समितीत किमान 40 टक्के सदस्य फेरीवाल्यांमधून निवडून आलेले असावेत, त्यांत एक तृतीयांश बाया असाव्यात आणि अनुसूचित जाती-जमाती व ओबीसींना प्रतिनिधित्व मिळावं. चौकातल्या दहा भाजीवाल्या बायांना विचारा, तुमच्या समितीत कोण आहे? त्यांची उत्तरं आणि त्यांचं हसणं दोन्ही फिल्ममध्ये ठेवा. यात कुठेही जात विचारावी लागत नाही.

आता अवघड भाग. तो आपल्याबद्दलचा आहे.

आपल्यापैकी बऱ्याच जणांना वाटतं, आपण आतले आहोत म्हणजे आपला कॅमेरा आपोआप खरा. माझे आजोबा भंडाऱ्याकडून इथल्या गन कॅरेज फॅक्टरीत कामाला आले. ही फॅक्टरी 1904 ची. पुढे खमरियाची ऑर्डनन्स फॅक्टरी आली, 1969 मध्ये व्हेइकल फॅक्टरी आली आणि विदर्भातली अनेक कुटुंबं इथे स्थिरावली. जबलपूरचे मराठी म्हटलं की भोसल्यांच्या काळात आलेली घराणी, वकील, डॉक्टर, नाटकमंडळी सांगितली जातात. फॅक्टरी लाइनमधला मराठी बौद्ध त्या यादीत सहसा नसतो. 14 ऑक्टोबर 1956 ला आजोबा नागपूरला दीक्षेला गेले, तेव्हा ते आपल्याच राज्याच्या राजधानीत गेले होते. नागपूर त्या वेळी मध्य प्रदेशाची राजधानी होतं. अठरा दिवसांनी, 1 नोव्हेंबरला, राज्यपुनर्रचना झाली, विदर्भ मुंबई राज्यात गेला आणि आम्ही अलीकडे राहिलो. हे सगळं मला माहीत आहे, माझ्या घरातलं आहे. या वस्तीची फिल्म करायचा अधिकार मला आहे असं मी धरून चालले होते.

दोन वर्षांपूर्वी मी फोनवर चौकातल्या मजुरांचं चित्रीकरण करायला गेले, तेव्हा वस्तीतलेच एक काका मला म्हणाले, “मॅडम, आम्हाला दाखवून तुम्हाला मार्क मिळणार का?” माझ्या बाबांबरोबर लहानपणी पतंग उडवलेला माणूस मला मॅडम म्हणाला. त्यांच्या बोलण्यात राग नव्हता, म्हणून ते जास्त लागलं. पदवीनं मला चौकाच्या एका बाजूकडून दुसऱ्या बाजूला नेलं होतं आणि ते माझ्याआधी त्यांच्या लक्षात आलं होतं. मी त्या दिवशी फोन खिशात ठेवला.

हा अनुभव माझ्या एकटीचा नाही. आनंद पटवर्धन यांच्या 1985 च्या ‘हमारा शहर’ या मुंबईच्या झोपडपट्ट्यांवरच्या माहितीपटात एक बाई थेट दिग्दर्शकालाच झापते: आमचे फोटो काढून आमचं काय होणार, नाव तर तुमचंच होणार. पटवर्धन यांनी ते दृश्य कापलं नाही, फिल्ममध्ये ठेवलं. ते फिल्ममध्ये आहे म्हणून आज चाळीस वर्षांनी आपण त्या बाईचा प्रश्न विचारू शकतो. अलीकडचं उदाहरण आपल्या शेजारच्या बुंदेलखंडातलं. ‘खबर लहरिया’ या ग्रामीण बायांच्या वृत्तसंस्थेवर ‘रायटिंग विथ फायर’ हा माहितीपट 2021 मध्ये आला. जगभर गाजला, ऑस्करच्या नामांकनापर्यंत गेला. आणि सोहळ्याच्या आधी, मार्च 2022 मध्ये, खुद्द खबर लहरियानं जाहीर निवेदन काढलं की या फिल्ममधलं आमचं चित्र अपुरं आणि दिशाभूल करणारं आहे. फिल्म वाईट होती की चांगली, हा वाद बाजूला ठेवू. महत्त्वाचं हे की ज्यांच्यावर फिल्म झाली त्यांच्याकडे स्वतःचं माध्यम होतं, म्हणून त्यांना उलट बोलता आलं. आमच्या मौसीकडे असं कोणतं माध्यम आहे?

बाबासाहेबांनी 31 जानेवारी 1920 ला पाक्षिक सुरू केलं तेव्हा त्याचं नाव ‘मूकनायक’ ठेवलं. त्या वेळी वर्तमानपत्रं नव्हती असं नाही. भरपूर होती, अस्पृश्यांबद्दल अधूनमधून कळवळ्यानं लिहिणारीही होती. पण दुसऱ्याच्या पत्रातला कळवळा आणि आपलं पत्र यांत फरक आहे, हे त्यांनी ओळखलं होतं. आज शंभर वर्षांनी पत्राच्या जागी कॅमेरा आहे आणि तो आपल्या खिशात आहे. म्हणून तर आपली जबाबदारी वाढते. आपल्या हातातला कॅमेरा मौसीच्या दृष्टीनं दुसऱ्याचाच राहिला, तर ‘आपला कॅमेरा’ म्हणण्यात काय अर्थ?

यातून मार्ग काय? मला सुचलेल्या काही गोष्टी सांगते, त्या नवीन नाहीत.

पहिली, विचारणं. आणि विचारणं म्हणजे कागदावर सही घेणं नव्हे. ही फिल्म कुठे दाखवणार, कोण बघणार, तुमच्या ठेकेदारानं बघितली तर काय होईल, हे आधी बोलणं. माणूस नाही म्हणाला तर कॅमेरा बंद. आज हो म्हणून उद्या नाही म्हणाला तरी तो शॉट काढून टाकणं, मग तो कितीही सुंदर असो.

दुसरी, फिल्म आधी चौकात दाखवणं. झाँ रूश आणि एद्गार मोरँ या दोघांनी 1960 च्या उन्हाळ्यात पॅरिसमधल्या लोकांना तुम्ही सुखी आहात का असं विचारत एक फिल्म केली. तिच्या शेवटी त्यांनी त्याच लोकांना चित्रीकरण दाखवलं आणि त्यांची टीका, त्यांची भांडणं फिल्ममध्येच घेतली. साठ वर्षांपूर्वी हे जमत होतं. आज तर बसस्टॉपच्या भिंतीवर पांढरी चादर लावून प्रोजेक्टरनं फिल्म दाखवता येते. पहिला प्रेक्षक चौक असला तर फिल्म वेगळी संपादित होते, कारण करणाऱ्याला माहीत असतं की काका पहिल्या रांगेत बसणार आहेत.

तिसरी, वेळ. पटवर्धन यांनी ‘जय भीम कॉम्रेड’ 1997 च्या रमाबाई नगर गोळीबारापासून सुरू केली आणि ती 2011 मध्ये पूर्ण झाली. चौदा वर्षं. इतका वेळ आपल्याला परवडणार नाही, आपल्याला नोकरी शोधायची असते, घरी पैसे पाठवायचे असतात. पण तीन दिवसांत चौक समजला असं तरी म्हणू नये. त्या तीन दिवसांत फक्त जे मोकळेपणी बोलतात तेच भेटतात आणि चौकात मोकळेपणी कोण बोलू शकतं हे आपल्याला माहीत आहे.

चौथी, दयेच्या रीलपासून लांब राहणं. म्हाताऱ्या भाजीवालीच्या हातात पाचशेची नोट ठेवून तिचे डोळे भरून येईपर्यंत कॅमेरा चालू ठेवणारे व्हिडिओ आपण सगळ्यांनी पाहिलेत, काहींना लाइकही केलंय. ती बाई भाव ठरवणारी, हिशोब करणारी, पहाटे तीनला मंडीत जाणारी व्यावसायिक असते. रीलमध्ये ती फक्त गरीब उरते.

आणि शेवटची, सभागृहाबद्दल. त्या दिवशी प्रश्नोत्तरं चालू असताना वडील एक शब्द बोलले नाहीत. घरी येताना मी विचारलं, कशी वाटली फिल्म? ते म्हणाले, “छान होती. पण आपला कट्टा नाही दिसला.” फॅक्टरीतून सुटल्यावर त्यांच्या शिफ्टची माणसं ज्या कट्ट्यावर वीस-पंचवीस वर्षं बसली, युनियनचे हिशोब, 14 एप्रिलच्या मिरवणुकीची वर्गणी, पोरांच्या ॲडमिशनच्या चौकशा जिथे झाल्या, तो कट्टा कॅमेऱ्याच्या मागच्या बाजूला होता. दिग्दर्शकानं कॅमेरा त्या कट्ट्याला टेकूनच लावला असावा, कारण तिथून चौक सर्वात छान दिसतो. वडिलांनी हे सभागृहात का सांगितलं नाही? त्यांना वाटलं, तिथे बोलायचं काम शिकलेल्या माणसांचं.

मी हे दिग्दर्शकाला कळवलं आहे आणि मौसीची भीतीही कळवली आहे. त्यानं पहिलं आणि शेवटचं दृश्य काढून टाकायचं मान्य केलं. त्याबद्दल मी त्याची आभारी आहे. फिल्म थोडी कमी सुंदर होईल. तिच्या जागी काय ठेवायचं हे तो मला विचारत होता. मी त्याला म्हटलं, ते मला विचारू नका. संध्याकाळी साडेपाचला कट्ट्यावर या, कॅमेरा न घेता.

तुमच्यापैकी कोणी जबलपूरचे असाल, नागपूरचे, सोलापूरचे, बेळगावचे, तुमच्याही शहरात असा चौक असेल आणि त्यात तुमच्या घरातल्या कोणाची तरी ठरलेली जागा असेल. त्यावर फिल्म करा, जरूर करा. फक्त कॅमेरा कुठे ठेवताय ते आधी वळून बघा. तिथे कोणीतरी बसलेलं असेल.

जय भीम.